चौदावं रीळ

मित्रांनो, दौंडला रेल्वे लाइनच्या पलीकडं कोंडिबाचं दोन खोल्यांचं घर आहे. त्यातल्या मागच्या खोलीत, गव्हाच्या कोठीशेजारी, जुन्या लुगड्याखाली झाकून ठेवलेलं एक अवजड लोखंडी धूड दिसतं. ते मी. मी एक जुना सिनेमाचा प्रोजेक्टर आहे. घरातली पोरं मला 'आबांचं मशीन' म्हणतात. कोंडिबाची बायको आक्काबाई 'अडगळ' म्हणते. केंदूर-न्हावऱ्याकडची म्हातारी माणसं अजूनही 'शिणेमाची पेटी' म्हणतात. मला ही सगळी नावं चालतात. फक्त 'भंगार' म्हटलेलं चालत नाही, आणि तसं म्हणत दारावर येणारेही काही कमी नाहीत.

मला जी गोष्ट सांगायची आहे ती खरं तर शरयूबाईंची आहे. एके काळी त्या सिनेमातल्या मोठ्या नटी होत्या. पण त्यांच्या गोष्टीतला एक भाग फक्त मला ठाऊक आहे, आणि मला तोंड नाही. म्हणून हा खटाटोप.

माझा जन्म मुंबईच्या एका कारखान्यात झाला. बासष्ट साली शिरूरच्या बापूसाहेबांनी मला विकत आणलं. बापूसाहेब बागायतदार माणूस, पण जीव सगळा सिनेमात. त्यांची टुरिंग टॉकीज होती. तुम्ही आता हातातल्या मोबाइलवर हवा तो सिनेमा बघता, म्हणून टुरिंग टॉकीज म्हणजे काय ते सांगतो. एक मोठा तंबू, एक पांढरा पडदा, एक डिझेलचं इंजिन आणि एक मी. गावाची यात्रा असली की आम्ही ट्रकमधून तिथं जायचो, तंबू ठोकायचो आणि अंधार पडला की खेळ सुरू करायचो. मधोमध कनात, एका बाजूला बाया, दुसऱ्या बाजूला बाप्ये, खाली नुसती माती. माझ्या पोटात कार्बनच्या दोन कांड्या असायच्या. त्या एकमेकींजवळ आणल्या की असा पांढराशुभ्र उजेड पडायचा की बघणाऱ्याचे डोळे दिपावेत. त्या वेळी माझ्यात थोडी घमेंड होती, हे कबूल करतो.

मला चालवणारा कोंडिबा. तेव्हा बावीस वर्षांचा होता. त्याचे वडील दौंडच्या रेल्वे शेडमध्ये कामाला होते, त्यामुळं तेलाचा आणि लोखंडाचा वास त्याला लहानपणापासून ओळखीचा. घर बौद्ध. दसऱ्याला टॉकीजची बाकीची माणसं मला हळद-कुंकू लावायची, कोंडिबा मात्र आदल्या दिवशी मला रॉकेलनं पुसून लख्ख करायचा आणि म्हणायचा, "हीच तुझी पूजा." मला कुंकवापेक्षा ते रॉकेल आवडायचं. कुंकू माझ्या चाकांच्या दात्यांत जाऊन बसायचं आणि महिनाभर कुरकुर करायला लावायचं. त्या काळी काही गावांत कोंडिबाला प्यायला पाणी वरून ओतून मिळायचं. त्याच्या हातचा सिनेमा मात्र सगळं गाव एकत्र बसून बघायचं. अशा गावांत खेळ झाल्यावर कोंडिबा मला जरा जोरात पुसायचा, एवढंच.

शरयूबाई मूळच्या न्हावऱ्याच्या. घरचं नाव पुतळा. शेतकऱ्याची मुलगी, शिकायला म्हणून पुण्याला मावशीकडं गेली आणि शेजारच्या स्टुडिओत गर्दीतली बाई म्हणून उभी राहायला लागली. 'शरयू' हे नाव स्टुडिओनं दिलं. त्यांच्या पहिल्या सिनेमात त्या डोक्यावर घागर घेऊन नुसत्या चालत जातात. चार आकडे मोजून होईपर्यंत दिसतात आणि संपतात. तिसऱ्या सिनेमात त्यांना एक वाक्य मिळालं. सहाव्यात त्या नायिका झाल्या. मी त्यांचे अकरा सिनेमे चालवले, पण हाताला येतील तसे, क्रमानं नाही. त्यामुळं माझ्यासमोर त्या एका आठवड्यात प्रौढ असायच्या आणि पुढच्या आठवड्यात सोळा वर्षांच्या. मला त्याची सवय झाली होती. कुठल्याही वयातल्या शरयूबाई पडद्यावर आल्या की बायांच्या बाजूची कुजबुज थांबायची. मग कुणीतरी त्यांच्याशी बोलायलाच लागायची, "अगं बये, नको जाऊ त्येच्या मागं, फसवंल तो तुला!"

न्हावऱ्यात पहिल्यांदा गेलो तेव्हाची एक गोष्ट सांगतो. बाईंच्या वडलांना लेकीचं सिनेमात जाणं पसंत नव्हतं. ते तंबूत आले नाहीत. पण खेळ सुरू झाल्यावर एक म्हातारा पडद्याच्या मागच्या बाजूला, उसाच्या कडेला येऊन उभा राहिला. पडद्यामागून सिनेमा दिसतो, मात्र डावं उजवीकडं आणि उजवं डावीकडं दिसतं. वडलांनी लेकीचे सगळे सिनेमे असेच उलट्या बाजूनं, उभ्यानं बघितले. घरी कुणाला सांगितलं नाही. मला पडद्याखालून त्यांचे पाय दिसायचे, कारण माझं भिंग सदा पडद्याकडं.

आता 'अर्धी ओटी' या सिनेमाकडं येतो. बाईंनी यात जीव ओतला होता. एकोणसाठ सालचा सिनेमा. चौदा रिळांचा. बाई त्यात गोदा झाल्या होत्या. गोदा जावेचं आईविना पोर स्वतःच्या पोटच्यासारखं वाढवते, मग घरचे तिच्यावर आळ घेऊन तिला हाकलतात. बारा वर्षं ती दुसऱ्या गावात एका खोपटाच्या उंबऱ्यावर बसून वाटेकडं बघते. तेराव्या रिळात मोठ्या झालेल्या पोराला सगळं खरं कळतं आणि तो तिला आणायला धावत सुटतो. चौदाव्या रिळात तो पोचतो, पण गोदाचा जीव थोडाच वेळ आधी गेलेला असतो. पुण्याच्या वर्तमानपत्रांनी या शेवटाची फार वाखाणणी केली होती. सिनेमा काढणारी कंपनी पुढं बुडाली, तिचं गोदाम जळालं, आणि एक प्रत तेवढी बापूसाहेबांनी मिळवून ठेवली.

चौसष्ट साली केंदूरच्या यात्रेत आम्ही ती पहिल्यांदा लावली. तेरा रिळं छान झाली. चौदावं सुरू झालं. उंबऱ्यावर बसलेली गोदा हळूहळू कलायला लागली तसा बायांच्या बाजूनं हुंदका फुटला, मग हंबरडाच. दिवस भरत आलेली एक पोटुशी सून बसल्या जागी चक्कर येऊन पडली. एकच गलका झाला. मंडळींतले जाणते उठले आणि ओरडले, "ए कोंडिबा, बंद कर ते! यात्रेच्या दिवशी लेकराबाळाच्या बाईला मारून दाखवतो व्हय?"

आता मशीन एकदम थांबवता येत नाही. कार्बनचा उजेड पेटलेला असताना फिल्मची पट्टी थांबली तर क्षणात जळते. म्हणून कोंडिबानं मला चालूच ठेवलं आणि माझ्या भिंगापुढं आपला तळहात धरला. पडदा काळा झाला. कोंडिबा मान वळवून गर्दीकडं बघत राहिला, त्या सुनेचं काय झालं म्हणून. आणि सिनेमाचा शेवट, ज्यासाठी बाईंचं एवढं नाव झालं होतं, तो सगळा कोंडिबाच्या तळहातावर पडून संपला. पट्टी माझ्यातून जात होती म्हणून मला तो दिसला.

सून शुद्धीवर आली, पुढं तिला मुलगाही झाला. पण त्या रात्री ठरलं ते ठरलं. यात्रेला माहेरी आलेल्या लेकी रडत परत जाता कामा नयेत. ही गोष्ट गावोगाव पसरली, आणि मग कुठंच चौदावं रीळ चालेना. कोंडिबानं दुसऱ्या कुठल्या तरी सिनेमातला 'समाप्त'चा तुकडा कापून तेराव्या रिळाला चिकटवला. पोरगा आईला आणायला धावत सुटतो, समाप्त. बाया पदरानं डोळे पुसत, हसत घरी जायच्या. चौदाव्या रिळाचा डबा शिरूरला बापूसाहेबांच्या गोदामात पडून राहिला. पंचक्रोशीतल्या सगळ्यांची अशीच समजूत झाली की गोदाला तिचा पोरगा भेटला.

एकाहत्तर साली न्हावऱ्याच्या यात्रेला शरयूबाई स्वतः आल्या. गावानं आपल्या लेकीचा सत्कार ठेवला होता. वडील तोवर वारले होते. बाई छत्तीस वर्षांच्या, साध्या सुती पातळात, आणि बायांच्या बाजूला मातीतच मांडी घालून बसल्या. खेळ 'अर्धी ओटी'चाच. तेरावं रीळ संपलं, 'समाप्त' आलं, बाया उठून त्यांना म्हणायला लागल्या, "बाई, तुमचा पोरगा गावला शेवटी, लई बरं वाटलं बगा." बाई गोंधळून हसत होत्या. मग त्या भावाला, भिमाजीला, घेऊन माझ्यापाशी आल्या.

"शेवटचं रीळ कुठं आहे?" त्यांनी विचारलं.

कोंडिबा उभा राहिला. चोरी पकडल्यासारखा त्याचा चेहरा झाला. त्यानं केंदूरची सगळी हकिकत सांगितली आणि म्हणाला, "रीळ शाबूत हाय बाई. शिरूरला ठेवलंय. एकदाबी घासलं न्हाई त्ये."

"मी ते कधीच पाहिलं नाही हो," बाई म्हणाल्या. "मला एकदा दाखवाल?"

"उद्याच आनतो."

"उद्या पहाटे मला निघायचंय. कोल्हापूरला शूटिंग आहे."

"मंग जवा याल तवा. माझा शबुद हाय. तुमी आल्याबिगर त्यो डबा उघडनार न्हाई."

कोंडिबा इंजिन बंद करायला तंबूमागं गेला. बाईंनी माझ्या तापलेल्या अंगावर हात ठेवला आणि भिमाजीला हळू आवाजात जे सांगितलं, ते तिथं मी आणि भिमाजी एवढ्यांनीच ऐकलं.

"भिमा, सिनेमा लागला तेव्हा आईचं आजारपण, म्हणून मी इथं होते. परत गेले तोवर तो उतरला होता. त्या शेवटावरून मी किती भांडले होते ठाऊक आहे तुला? दिग्दर्शक म्हणत होते, मरताना डोळे मिट. लोकांना उघडे डोळे बघवणार नाहीत. मी म्हटलं, बारा वर्षं वाटेकडं डोळे लावून बसलेली बाई मरताना डोळे मिटेल कशाला? ती उघड्या डोळ्यांनीच जाईल. शेवटी त्यांनी दोन्ही घेतलं. एकदा मिटून, एकदा उघडे ठेवून. म्हणाले, कुठलं ठेवायचं ते बघू. वर्षभरात ते गेलेच."

"मंग इचार की कुनाला तरी. कितीतरी लोकांनी बगितला आसंल."

"विचारलं. कोणी म्हणतं मिटले होते, कोणी म्हणतं उघडे. रडता रडता नीट पाहिलंय कोणी?"

"आता काय फरक पडतोय, ताई?"

"पडतो रे. त्यानंतर मी कुणाशी भांडले नाही. सांगतील तशी उभी राहिले, सांगतील तशी रडले. माझं बरोबर होतं एवढं जरी कळलं असतं ना, तर कदाचित..." इंजिन बंद पडलं, दिवे गेले आणि त्यांचं वाक्य तसंच राहिलं.

मित्रांनो, मला ते ठाऊक होतं. डोळे उघडे होते. दिग्दर्शकानं बाईंचं ऐकलं होतं. वाटेकडं लागलेले, न मिटलेले ते डोळे केंदूरला माझ्यातून गेले होते आणि कोंडिबाच्या हातावर पडले होते. बाईंचा हात माझ्या अंगावर होता आणि मी गप्प होतो. लोखंडाचा जन्म मला त्या रात्रीइतका कधीच नकोसा झाला नाही.

त्यानंतर बाईंना आईच्या भूमिका मिळत गेल्या. रडणारी आई, माफ करणारी आई, देवापुढं हात जोडून उभी राहणारी आई. तसले दोन सिनेमे मी चालवले. त्या तिथं असायच्या, पण नुसत्या असायच्या. मग त्याही भूमिका थांबल्या. त्या मुंबईत कुठंतरी एका खोलीत राहतात एवढंच कानावर यायचं.

आमचेही दिवस फिरले. घरोघरी टीव्ही आला. तंबूला ठिगळं लावायला माणूस मिळेना. पंच्याऐंशी साली बापूसाहेबांनी टॉकीज मोडली आणि मला कोंडिबाच्या हवाली केलं. 'अर्धी ओटी'ची तेरा रिळं झिजून चाळणी झाली होती, ती घ्यायला एक माणूस आला. अशा पट्ट्या धुऊन त्यातली चांदी काढतात आणि उरलेल्या पट्टीच्या बांगड्या करतात. शरयूबाई कुणाकुणाच्या हातात गेल्या, देव जाणे. चौदाव्या रिळाला मात्र कोंडिबानं हात लावू दिला नाही. "ह्यो डबा बाईंचा हाय," तो म्हणाला.

आणि इथंच ती चूक झाली. मायेपोटी झाली, म्हणून तर जास्त लागते. कोंडिबानं डब्यात डांबराच्या गोळ्या टाकल्या. झाकण घट्ट बसवून त्यावर काळी टेप गुंडाळली. वर प्लॅस्टिकचा कागद. आक्काबाईनं लोणच्याच्या बरणीला बांधतात तसा त्यावर दादरा बांधला, हवा लागू नये म्हणून. मग डबा लोखंडी ट्रंकेत. दर दिवाळीला कोंडिबा तो बाहेर काढायचा, टेप कुठं सुटली का बघायचा आणि आणखी एक वेढा द्यायचा. उघडायचा मात्र नाही. एकदा आक्काबाई म्हणालीही, "आवं, आत काय झालंय बगा तरी." त्यावर तो म्हणाला, "शबुद दिलाय. बाईंसमोरच उघडनार." असे जवळजवळ चाळीस वेढे झाले.

गेल्या वर्षीची गोष्ट. कोंडिबाची नात गौतमी कुरकुंभकडं एका केमिकल कंपनीच्या लॅबमध्ये नोकरी करते. एके संध्याकाळी तिनं आजोबांना मोबाइलवर एक फोटो दाखवला. शिरूरला कुणीतरी ज्येष्ठ कलाकारांना शाल-श्रीफळ दिलं होतं. त्यात खुर्चीवर बसलेली एक नव्वदीला टेकलेली बाई. "आबा, ह्याच का तुमच्या शरयूबाई? न्हावऱ्याला भाच्याकडं राहतात आता."

कोंडिबानं चष्मा पुसला, पुन्हा पुसला आणि लहान मुलासारखा रडला. चौऱ्याऐंशी वर्षांचा माणूस.

गौतमीनं फोन केला. बाईंचा भाचा विश्वजीत, म्हणजे भिमाजीचा मुलगा, बोलला. भिमाजी जाऊन दहा वर्षं झाली होती. विश्वजीत म्हणाला, "आत्याचा एक डोळा गेलाय मॅडम. दुसऱ्यात काचबिंदू हाय. डॉक्टर म्हणतेत, दिवाळीपर्यंत जेवढं बघायचं तेवढं बघून घ्या." मग फोनवर बाईंचाच आवाज आला. मला तो लगेच ओळखू आला. त्यांनी एवढंच विचारलं, "डबा आहे अजून?"

गौतमीनं मला उघडलं, गंज काढला, नवा पट्टा बसवला. कार्बनच्या कांड्या आता मिळत नाहीत, म्हणून माझ्या पोटात एलईडीचा दिवा बसवला. एका जुन्या जाहिरातीचा तुकडा चालवून पाहिला. मी चाललो! जरा खोकलो, पण चाललो. गौतमी म्हणाली, "आबा, डबा एकदा चेक करू. त्या यायच्या आधी कळलेलं बरं." कोंडिबानं मान हलवली. "पोरी, पन्नास वर्सं थांबलोय. आता दोन दिसांसाठी शबुद मोडू व्हय?"

रविवारी दुपारी बाई आल्या. विश्वजीतनं हाताला धरून आणलं. किती लहान झाल्या होत्या! खिडक्यांना वाकळा लावून खोली काळोखी केली होती, भिंतीवर पांढरी चादर. बाईंना चादरीच्या अगदी जवळ खुर्ची दिली, दिसावं म्हणून. आक्काबाईनं चहा दिला. कोंडिबानं डबा मांडीवर घेतला, कात्रीनं दादरा कापला, मग टेपचे वेढे एकेक करून सोडवले. त्यातच बराच वेळ गेला. झाकण निघालं.

आंबूस, नाकात झोंबणारा वास खोलीभर पसरला. आक्काबाईनं पदर नाकाला लावला. गौतमी झटकन पुढं आली. तिला तो वास लॅबमुळं ठाऊक होता. आत पट्टी नव्हती, पट्टीचा एक चिकट, आक्रसलेला, पांढरी भुकटी सुटलेला गोळा होता. गौतमीनं चिमटीनं बाहेरचा पदर सोडवायला पाहिला, तर त्याचे तुकडे पडले आणि चित्र कातडीसारखं सुटून खालच्या पदराला चिकटलं. आणि रिळाचा शेवट तर सगळ्यात आत असतो, गाभ्याशी.

"काय झालं?" बाईंनी विचारलं.

गौतमी म्हणाली, "आजी, ही पट्टी जुनी झाली की आतून आंबते. तिची वाफ बाहेर जायला पाहिजे असते. डबा घट्ट बंद असला की तीच वाफ पट्टीला खाते. थोडी हवा लागली असती तर..." आजोबांच्या चेहऱ्याकडं बघून तिनं जीभ चावली.

कोंडिबा त्या गोळ्याकडं बघत बसला होता. "म्हंजी म्याच मारलं बाईंना," तो म्हणाला.

"असं बोलू नका, कोंडिबा." बाईंनी हात पुढं केला, त्याचा हात शोधला. मग म्हणाल्या, "तुम्ही पाहिलंय ना ते? केंदूरला? मग तुम्हीच सांगा. मी कशी दिसले?"

गौतमीनं काय केलं, तर मला नुसतंच सुरू केलं. पट्टी नसलेला पांढरा उजेड चादरीवर पडला. बाई त्या उजेडाकडं तोंड करून बसल्या आणि कोंडिबा सांगायला लागला.

"तुमी उंबऱ्यावं बसलाय, बाई. सांज झालीया. डोक्यावरचा पदर घसरलाय, पन् तुमी सारखा करत न्हाई."

"तो चुकून घसरला होता," बाई म्हणाल्या. "मी तसाच राहू दिला."

"लई शोभला. आन् मंग तुमी पायाची बोटं आखडून घेतली, गारवा लागल्यावानी. हात भुईवं टेकवला. वाटंकडं बगत हळूच चौकटीला डोकं लावलं. लांबनं पोरगा पळत येतोय, त्येचा धुरळा दिसतोय..."

कोंडिबा थांबला. त्याला पुढचं ठाऊक नव्हतं. इथंच त्यानं हात आडवा धरला होता.

बाई खुर्चीत पुढं सरकल्या. त्यांचा आवाज एकदम तरुण झाला. "मग? शेवटी माझे डोळे उघडे होते की मिटलेले?"

मित्रांनो, हा प्रश्न कोंडिबानं जन्मात पहिल्यांदा ऐकला. बाईंनी तो पन्नास वर्षांपूर्वी माझ्याशेजारी भावाला सांगितला होता, कोंडिबाला नाही. तेव्हाच सांगितला असता, तर त्यानं शिरूरला जाऊन पट्टीचं टोक दिव्यापुढं धरलं असतं, एक पोस्टकार्ड टाकलं असतं, आणि झालं असतं. आता तो त्या म्हाताऱ्या बाईकडं बघत होता. 'मी पाहिलं नाही' असं म्हणायला त्याची जीभ वळेना. डबा तर त्यानंच घालवला होता. निदान आता तरी बाईंना बरं वाटेल असं बोलावं, एवढंच त्याच्या मनात आलं. आमच्याकडं माणूस उघड्या डोळ्यांनी गेला की त्याचा जीव कशात तरी अडकला म्हणतात, आणि घरचे हलक्या हातानं त्याच्या पापण्या मिटतात. चांगलं मरण म्हणजे मिटलेले डोळे.

"मिटल्याले, बाई," कोंडिबा म्हणाला. "अगदी शांत. झोप लागल्यावानी."

मी चालत होतो. माझी सगळी चाकं फिरत होती. 'उघडे, उघडे' असं मी ओरडत होतो, पण खोलीतल्यांना फक्त मशीनची खडखड ऐकू आली. गौतमी म्हणालीसुद्धा, "आवाज फार करतंय हे."

बाई मागं टेकल्या. "मिटलेले," त्या म्हणाल्या. "म्हणजे त्यांनी त्यांचंच खरं केलं. बरोबर असेल त्यांचं. लोकांना बघवलं नसतं." त्या हसल्या, कोंडिबाचा हात थोपटला, आक्काबाईच्या चहाचं कौतुक केलं. जाताना दारात त्यांना ठेच लागली, विश्वजीतनं सावरलं. एवढ्या मोठ्या नटी, पण ते हसू काही त्यांना नीट जमलं नाही. कोंडिबाच्या ते लक्षात आलं नाही. संध्याकाळी तो आक्काबाईला म्हणाला, "रीळ गेलं, पन् बाईंना समाधान झालं. माझ्या डोक्यावरचा भार उतरला."

गौतमीनं तो गोळा पुण्याला जाणकारांना दाखवला. त्यांनी मान हलवली. दिवाळीच्या आत बाईंचा दुसरा डोळाही गेला.

मित्रांनो, तुमच्या घरातल्या जुन्या डब्यांना हवा दाखवा. आतलं काय आहे ते बघा, चालवा, वाजवा, वापरा. झिजलं तर झिजू दे. आणि कुणाला काही विचारायचं असेल तर ज्याला ठाऊक आहे त्यालाच विचारा, वेळ असेपर्यंत. हे मी तुम्हाला हात जोडून सांगितलं असतं, पण मला हात नाहीत.

एक काम मात्र माझं करा. शरयूबाई अजून आहेत. न्हावऱ्याला भाच्याच्या घरी ओट्यावर बसलेल्या असतात. काही दिसत नसलं तरी ऐकू चांगलं येतं. तुमच्यापैकी कुणी त्या बाजूला गेलं तर त्यांच्याजवळ बसा, कोंडिबाला नाव ठेवू नका, तो फार चांगला माणूस आहे. फक्त बाईंना एवढं सांगा, की तुमचंच बरोबर होतं. डोळे उघडे होते.